काचाओ लोपेस आणि क्यूबन डबल बेस: काय ऐकावं, कसं वाजवावं?

खर्जप्रेमी
मांबो म्हटलं की बहुतेकांना पेरेस प्रादोचे ट्रम्पेट आठवतात. ज्या माणसाने त्या संगीताचा तळ बांधला तो मात्र सगळ्यांच्या मागे, डबल बेस कवेत घेऊन उभा असायचा. इस्राएल लोपेस ऊर्फ काचाओ. जन्म १४ सप्टेंबर १९१८, हवाना. मृत्यू २२ मार्च २००८, मायामीला लागून असलेलं कोरल गेबल्स. क्यूबाचा स्वातंत्र्यकवी होसे मार्ती ज्या घरात जन्मला, त्याच घरात काचाओचाही जन्म. घरात सगळेच वादक. थोरला भाऊ ओरेस्तेस चेलो, बेस आणि पियानो वाजवायचा, बहीण कोरालियाचा स्वतःचा वाद्यवृंद होता, आणि एकूण गोतावळ्यात बेस वाजवणारे चाळीसच्या आसपास.

माझं मत स्पष्ट आहे: विसाव्या शतकातलं क्यूबन नृत्यसंगीत बेसच्या बाजूने ऐकल्याशिवाय कळत नाही, आणि बेसच्या बाजूने ऐकायचं तर काचाओला पर्याय नाही. दान्सोन (जुना क्यूबन जोडीचा नाच), मांबो, देस्कार्गा (वादकांचं उत्स्फूर्त एकत्र वादन), पुढे न्यूयॉर्कचा सालसा, सगळीकडे त्याची बोटं आहेत.

जाणकारांना दोन प्रश्न. त्याची ध्वनिमुद्रणं कोणत्या क्रमाने ऐकावीत? आणि ऐकताना बेसमध्ये नेमकं काय पकडायचं?

सोळामात्रा
दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण ते कळलं नाही तर कुठलाही क्रम उपयोगाचा नाही.

चार-चार ठोक्यांचे दोन बार घ्या आणि प्रत्येक ठोक्याचे दोन भाग करा. सोळा मात्रांचं आवर्तन मिळतं. तीनतालाच्या सवयीच्या माणसाला हे मोजणं सोपं जाईल. या सोळांत क्लावेच्या काठ्या (एकमेकींवर आपटायच्या लाकडी काठ्या; इथे प्रत्येक ठोका म्हणजे एक काठी) १, ४, ७, ११ आणि १३ या मात्रांवर पडतात. पहिल्या अर्ध्यात तीन, दुसऱ्यात दोन, म्हणून ३-२ क्लावे. हाच सगळ्या वाद्यवृंदाचा कणा.

आता बेस. तुम्बाओ, म्हणजे बेसचा सतत फिरणारा आकृतिबंध, वाजवणारा बेसवादक ४, ७, १२ आणि १५ या मात्रांवर वाजवतो. १ आणि ९ रिकाम्या. म्हणजे तीनच्या बाजूला बेस क्लावेच्या दोन काठ्यांशी तंतोतंत मिळतो आणि दोनच्या बाजूला एकाही काठीशी मिळत नाही. अर्ध्या आवर्तनात गळाभेट, अर्ध्यात ओढाताण. नाचणाऱ्याचं अंग हलतं ते याच्यामुळे.

दुसरी गोष्ट अजून महत्त्वाची. ७ आणि १५ वरचा सूर पुढच्या बारच्या कॉर्डचा असतो. पियानो आणि गायक अजून जुन्या कॉर्डमध्ये असतात तेव्हा बेस पुढे जाऊन उभा राहिलेला असतो, आणि तो सूर समेवरून तसाच वाहत जातो. आपल्याकडे सगळे समेवर येऊन भेटतात. इथे बेस समेच्या आधीच पोहोचतो आणि समेवर नवा आघात करत नाही.

तिरकिट
वाह! ४, ७, १२, १५ एवढं लिहिलेला कागद समोर ठेवून ऐकलं तरी अर्धं काम झालं.

उलटीक्लावे
सोळामात्रा यांना +१, एक पुरवणी. निम्म्याहून जास्त गाणी २-३ क्लावेत असतात. तिथे काठ्या ३, ५, ९, १२, १५ वर येतात. बेस जागचा हलत नाही, ४-७-१२-१५ तसंच, म्हणून गळाभेट आता दुसऱ्या अर्ध्यात होते. नवशिक्याची सगळ्यात मोठी चूक इथे होते. त्याला बेसचा आकृतिबंध दोन्हीकडे सारखाच दिसतो, म्हणून तो क्लावे कुठल्या बाजूने आहे याकडे लक्षच देत नाही. मग एखादी भरीव तान चुकीच्या अर्ध्यात टाकतो आणि तालवाद्यवाले माना वळवून बघायला लागतात. गाण्याची चाल कुठल्या बाजूला जास्त उसळते ते आधी ठरवायचं, मगच तार छेडायची.

पडछाया
“समेवर आघात करायचा नाही” हा नियम सरसकट लावू नका. बोलेरोत बेस १, ५ आणि ७ वर येतो, सम स्वच्छ वाजते. दान्सोनच्या सुरुवातीच्या भागांतही बेस जमिनीला पाय लावून चालतो. काचाओचं मोठेपण हेच की त्याला दोन्ही चाली घरच्या होत्या, आणि एकाच रचनेत तो एकीतून दुसरीत जायचा.

दान्सोनचा साचा माहीत हवा. मातान्सास शहरात १ जानेवारी १८७९ ला मिगेल फाईल्देने पहिला दान्सोन सादर केला असं मानतात. आधी ‘पासेओ’ येतो, त्या वेळी जोडपी नाचत नाहीत, उभी राहून पंखा हलवतात, गप्पा मारतात. मग बासरीचा भाग, परत पासेओ, व्हायोलिनचा भाग, परत पासेओ आणि शेवटचा भाग. आंतोनिओ आर्कान्योच्या वाद्यवृंदात, म्हणजे १९३७ नंतर, लोपेस बंधूंनी हा शेवटचा भाग उघडा केला. छोटा, सतत फिरणारा, तुटक लयीचा तुकडा. त्यावर बासरी मोकळी. ओरेस्तेसने १९३८ मध्ये अशाच एका दान्सोनला ‘मांबो’ हे नाव दिलं.

ट्रम्पेटवाला
म्हणजे मांबो लोपेस बंधूंनी शोधला, असं म्हणायचंय का? सहमत नाही. आर्सेनिओ रोद्रिगेस त्याच काळात आपल्या कोन्हुंतोत (ट्रम्पेट असलेल्या वाद्यसंचात) ‘दिआब्लो’ नावाचा भाग वाजवत होता, तोही तितकाच मांबोचा पूर्वज. आणि १९४९ मध्ये मेक्सिकोत पेरेस प्रादोने ‘मांबो नंबर ५’ ध्वनिमुद्रित केला नसता तर हे नाव हवानाच्या नाचघरांबाहेर गेलंच नसतं. प्रादोचा ब्रास विभाग, सॅक्सोफोनची खालची घिरटी आणि वर किंचाळणारे ट्रम्पेट ही त्याची स्वतःची कल्पना आहे. चारांगात, म्हणजे आर्कान्योसारख्या दान्सोनच्या वाद्यवृंदात, तर ट्रम्पेटच नसायचा: बासरी, व्हायोलिन, पियानो, बेस, तिंबाल, ग्विरो आणि आर्कान्योने घातलेला कोंगा.

पडछाया
ट्रम्पेटवाला, प्रादोचं श्रेय कोणी काढून घेत नाहीये. तीन वेगळ्या गोष्टी आहेत: नाव आणि दान्सोनचा उघडा शेवट लोपेस बंधूंचा, कोन्हुंतोतला मार्ग आर्सेनिओचा, मोठ्या बँडचा आवाज प्रादोचा. पण बेसच्या दृष्टीने निर्णायक पाऊल १९३८ चं. दान्सोनचा बेस तोवर मुख्यतः आधार द्यायचा. त्या शेवटच्या भागात तो स्वतः एक लयवाद्य झाला.

ट्रम्पेटवाला
हे मान्य.

घोडीवरचीतार
वाजवणाऱ्यांसाठी लिहितो. सा = सी धरा. चार बार, प्रत्येक बारला एक कॉर्ड: सा, म, प, म. प्रत्येक बारच्या ४ थ्या मात्रेवर त्या कॉर्डचा पाचवा सूर आणि ७ व्या मात्रेवर पुढच्या कॉर्डचा मूळ सूर. मग बेस असा येतो:

पहिला बार: प, म.
दुसरा: सा, प.
तिसरा: रे, म.
चौथा: खालचा सा, वरचा सा.

शेवटचा सा परत पहिल्या बारच्या समेवरून वाहतो. मेट्रोनोम मिनिटाला ८० ठोक्यांवर लावा, तोंडाने क्लावे म्हणा, पायाने बारचा पहिला आणि तिसरा ठोका धरा. तीन गोष्टी एकत्र टिकल्या की पाच-पाचने वाढवा. देस्कार्गाचा वेग गाठायला २०० च्या आसपास जावं लागतं, तिथे घाई करू नका.

बिघडतं कुठे? एक, ७ व्या मात्रेवर जुन्या कॉर्डचा सूर वाजतो. तसं झालं की सगळा बँड मागे ओढल्यासारखा वाटतो. दोन, समेवर पाय आपटताना डावा हात नकळत सैल सुटतो आणि वाहणारा सूर तिथेच तुटतो. कानाला ते समेवर काहीतरी वाजल्यासारखंच लागतं. तीन, ४ थ्या मात्रेवरचा सूर लांबतो. तो आखूड आणि ७ वरचा लांब, हा फरक नसेल तर तुम्बाओ सपाट होतो. उपाय साधा: ४ वरचा सूर वाजताच डाव्या हाताचं बोट तारेवरून न उचलता दाब तेवढा काढा. तार लगेच मुकी होते.

उजवा हात: तर्जनीची बाजू तारेला जवळजवळ समांतर, अंगठा फिंगरबोर्डच्या कडेला टेकलेला, फिंगरबोर्डच्या टोकाजवळ छेडायचं. बोटाच्या टोकाने छेडलं की आवाज पातळ येतो आणि फोडही लवकर येतो.

रे_कोमल
ही सरगम वहीत उतरवून घेतली. गजाबद्दलही लिहा ना. त्याचे गजाने वाजवलेले सोलो ऐकून हा माणूस व्हायोलिनवाला की ढोलवाला, कळेनासं होतं.

घोडीवरचीतार
गज त्याच्याकडे सिम्फनीतून आला. हवाना फिलहार्मोनिकमध्ये तो १९३० च्या सुमारास दाखल झाला, वय बारा-तेरा. बेसपर्यंत हात पोहोचावा म्हणून खोक्यावर उभा राहायचा, असं सांगतात. पुढे जवळपास तीस वर्षं तिथे होता. एरिख क्लायबर, स्ट्राविन्स्की यांच्या हाताखाली वाजवलं. त्याआधी पोरवयात बोंगो, आणि मूकपटांच्या थिएटरात बोला दे निएवेच्या पियानोला साथ. म्हणजे सुरांची शुद्धता वाद्यवृंदातून आणि आघात बोंगोतून, दोन्ही लहानपणीच हातात बसले.

सोलोत तो गजाने लांब सूर ओढतो, मध्येच गजाच्या काठीने तारांवर ठोके देतो, तळव्याने वाद्याच्या अंगावर थाप मारतो आणि पुन्हा तुम्बाओवर येतो. करून बघणाऱ्यांना सूचना: या कामाला चांगला पेर्नांबुको लाकडाचा गज वापरू नका, साधा घ्या. काठीचा मधला भाग तारेवर पडू द्या, टोक नको. टोकाकडे काठी सगळ्यात बारीक असते आणि तिथेच मोडते. थाप वाद्याच्या खांद्याजवळच्या कडेवर द्या. समोरच्या फळीच्या मध्यावर, घोडीच्या आसपास मारलं तर साउंडपोस्ट (आतला उभा लाकडी टेकू) सरकू शकतो.

लाकूडकाम
तारांचा मुद्दा राहिला. १९३०-४० च्या दशकांत डबल बेसला आतड्याच्या तारा असायच्या. स्टीलच्या तारा नंतर रुळल्या. आतड्याच्या तारेचा आवाज जाड, सुरुवातीला ठसठशीत, आणि लवकर विझणारा. मायक्रोफोन नसताना किंवा सगळ्या बँडला मिळून एकच असताना बेस ऐकू जायचा तो या ठोशामुळे. तार उंच बसवावी लागायची, कारण सैल जाड तार मोठ्या फेऱ्यात हलते आणि खाली बसवली तर फिंगरबोर्डवर खडखडते.

आजच्या स्टीलच्या तारांवर ३/४ आकाराच्या बेसला फिंगरबोर्डच्या टोकाशी ‘जी’ (G) तारेखाली ५ ते ६ मिमी आणि ‘ई’ (E) तारेखाली ८ ते ९ मिमी उंची ठेवली तर तुम्बाओ चांगला निघतो. त्याहून खाली गेलात तर बोटांना आराम, पण ४ थ्या मात्रेचा ठोसा जातो. आतड्याच्या तारा लावायच्या असतील तर दमट हवेचा विचार करा. हवाना असो वा मुंबईचा पावसाळा, तार ओल शोषते आणि सूर सरकत राहतो. दर दोन-तीन गाण्यांनी जुळवणं आलं. सिंथेटिक गाभ्याची तार हा मधला मार्ग.

विजेरीबेस
एवढा खटाटोप कशाला? सालसावाल्यांनी १९६० च्या दशकातच बेबी बेस उचलला. अँपेग कंपनीने तो १९६२ मध्ये आणला: उभा, सडपातळ, प्लास्टिकचं अंग, घोडीखाली पडद्यासारखा पिकअप. सूर गोल, थोडा पोकळ, पटकन विझणारा. कोंगा आणि ट्रम्पेटच्या गर्दीतही ऐकू जातो. बॉबी व्हॅलेंटीन, अँडी गोन्सालेस यांचा आवाज तोच. तुम्बाओला याहून सोयीचं वाद्य नाही.

लाकूडकाम
नाचघरात सोयीचं, मान्य. पण काचाओ समजून घ्यायचा तर अर्धा काचाओ गजात आहे, आणि जुन्या बेबी बेसवर गजाने वाजवलं की आवाज बारीक आणि किरकिरा येतो. तो पिकअप छेडलेल्या तारेसाठीच बनवलेला आहे. अंगावर थाप मारायचीही सोय नाही, प्लास्टिकमधून काही निघत नाही. नुसता तुम्बाओ शिकायचा असेल तर बेबी बेस, देस्कार्गा शिकायची असेल तर लाकूड.

विजेरीबेस
गजाचा मुद्दा बिनतोड आहे. मागे घेतो.

गोंयकार
थोडं अवांतर. १९५१ च्या ‘अलबेला’त सी. रामचंद्र आणि आपला गोव्याचा चिक चॉकलेट यांनी लॅटिन रंग आणला होता. बोंगो आहेत, तोच झगमगाट आहे. तिथे बेस कसा चालतो, कोणी बारकाईने ऐकलंय का?

उलटीक्लावे
तिथे लॅटिन रंग तालवाद्यांत आणि ब्रासमध्ये आहे. चाल क्लावेवर बांधलेली नाही, म्हणून बेसला समेआधी पोहोचण्याचं कारणच नाही. गाणं म्हणून ते उत्तमच आहे, फक्त तुम्बाओ शोधायला तिथे जाऊ नये.

मध्यसप्तक
देस्कार्गाचा एवढा उल्लेख झाला, पण १९५७ बद्दल कोणीच नीट लिहिलं नाही. हवानातल्या पानार्त कंपनीसाठी काचाओने जमवलेला संच बघा: कोंग्यावर ताता ग्विनेस, तिंबालवर गिएर्मो बारेतो, बोंगोवर येयो इग्लेसियास, ग्विरोवर गुस्ताव्हो तामायो, ट्रम्पेटवर ‘एल नेग्रो’ विवार, ट्रॉम्बोनवर हेनेरोसो हिमेनेस, बासरीवर रिचर्ड एग्वेस, त्रेसवर (क्यूबन गिटारवर) निन्यो रिबेरा, आणि पियानोवर ओरेस्तेस. सगळे रात्रभर क्लब आणि नाचघरांत वाजवून पहाटे स्टुडिओत आलेले. बारा तुकडे, बहुतेक दोन-तीन मिनिटांचे.

लांबी इतकी कमी आहे म्हणूनच त्यांचं मोल जास्त. उत्स्फूर्त वादन म्हटलं की माणूस दहा मिनिटं भटकतो. इथे बेस तुम्बाओ मांडतो, एक वाद्य पुढे येतं, सांगायचं ते सांगतं, संपलं. प्रत्येक तुकड्यात एकच गोष्ट. पहिली देस्कार्गा मात्र ही नव्हे. हुलिओ गुतिएरेसने पानार्तसाठीच १९५६ मध्ये ते केलं होतं. काचाओने त्याला घाट दिला.

तिरकिट
आणि त्याच वर्षीचं ‘चांचुयो’! त्याचा सुरुवातीचा फिरता तुकडा ऐका, मग तितो पुएंतेचं १९६२ चं ‘ओये कोमो वा’ ऐका. सान्तानाने १९७० मध्ये तेच गिटारवर जगभर नेलं. किती लोकांना माहीत असेल की पाळंमुळं एका बेसवाल्याच्या दान्सोनमध्ये आहेत?

ट्रम्पेटवाला
या माणसाच्या आयुष्यातली खंत हीच. १९६२ मध्ये क्यूबा सोडलं, आधी माद्रिद, मग न्यूयॉर्क. तिथे माचितो, तितो रोद्रिगेस, तितो पुएंते यांच्या बँडमध्ये वाजवलं. मग लास वेगासच्या हॉटेलांतले बँड. मायामीत तर लग्नं आणि बारशी. ज्याच्या तुकड्यांवर इतरांचे बंगले उभे राहिले तो बारशात वाजवतोय.

पडछाया
खंत आहेच, पण बारशात वाजवणं कमीपणाचं मानू नका. दान्सोन हे नाचायचंच संगीत, आणि हवानातही त्याचं पोट नाचघरांवरच होतं. खरी गैरसोय वेगळी होती: त्या वर्षांत त्याच्या स्वतःच्या नावावर फार थोडं ध्वनिमुद्रित झालं. १९७६-७७ मध्ये न्यूयॉर्कच्या साल्सोल कंपनीने दोन तबकड्या काढल्या, १९७६ मध्ये लिंकन सेंटरमध्ये मैफल झाली, मग परत शांतता. नव्वदच्या दशकात अभिनेता अँडी गार्सियाने मायामीत मैफल भरवली, १९९३ मध्ये त्याच्यावर माहितीपट केला, आणि ‘मास्टर सेशन्स’च्या पहिल्या भागाला १९९५ चं ग्रॅमी मिळालं. तेव्हा काचाओ शहात्तरचा. त्यानंतर पियानोवादक बेबो वाल्देस आणि कोंगावादक पातातोबरोबरच्या ध्वनिमुद्रणाला २००३ मध्ये, ‘आओरा सी’ला २००५ मध्ये. १९९३ च्या ग्लोरिया एस्तेफानच्या ‘मी तिएर्रा’तही बेस त्याचाच.

रे_कोमल
बुएना विस्ता सोशल क्लब या गाजलेल्या क्यूबन संचातला बेसवादक काचाईतो याच घरातला ना?

मध्यसप्तक
हो, ओरेस्तेसचा मुलगा, म्हणजे काचाओचा पुतण्या. ओर्लांदो लोपेस, १९३३ ते २००९. तो हवानातच राहिला. गंमत म्हणजे बुएना विस्ताचं १९९६ चं ध्वनिमुद्रण झालं तो एग्रेमचा (क्यूबाच्या सरकारी ध्वनिमुद्रण कंपनीचा) सान मिगेल रस्त्यावरचा स्टुडिओ मूळचा पानार्तचाच. काका-पुतण्यांच्या वादनातला फरक ऐकण्यासारखा आहे. काकाचा बेस ढकलतो, पुतण्याचा थांबून जागा देतो. काचाईतो दोन आघातांमधली शांतता जास्त वापरतो. २००१ चं त्याच्या स्वतःच्या नावाचं ध्वनिमुद्रण त्यासाठी ऐकावं.

खर्जप्रेमी
धागा अपेक्षेपेक्षा खूप खोल गेला, सगळ्यांचे मनापासून आभार. आता पहिल्या प्रश्नाचं उत्तर द्या: क्रम कोणता?

सोळामात्रा
१९५७ च्या देस्कार्गा आधी. त्यातही ‘ओये मी त्रेस मोंतुनो’पासून सुरुवात करा, त्रेस आणि बेस असे दोनच धागे धरून चालता येतं. ४-७-१२-१५ मोजत तीनदा ऐका, चौथ्यांदा मोजणं सोडा.

पडछाया
मी उलट सांगेन. आधी आर्कान्योचे दान्सोन. कोरालियाचं ‘इसोरा क्लब’ घ्या, तिची चाल कानात सहज बसते. त्यात पासेओ ओळखायला शिका, मग शेवटच्या भागात बेस कुठे बदलतो ते बोटाने टेबलावर धरा. तो बदल कळला की १९५७ आपोआप उलगडतं. त्यानंतर ‘मास्टर सेशन्स’, कारण तिथे बेस स्वच्छ ध्वनिमुद्रित झालाय आणि गजाचा खरखर आवाजही ऐकू येतो. न्यूयॉर्कचे साल्सोल शेवटी.

घोडीवरचीतार
नुसतं ऐकणाऱ्याने सोळामात्रांचा क्रम धरावा, वाजवणाऱ्याने पडछायांचा. दोघांनाही एकच सूचना: फोनच्या स्पीकरवर ऐकू नका. डबल बेसची ई तार ४१ हर्ट्झवर आहे, तो सूर त्या स्पीकरमधून बाहेर पडतच नाही, वरचे उपस्वर तेवढे ऐकू येतात. कान झाकणारा साधा हेडफोन चालेल.

खर्जप्रेमी
‘इसोरा क्लब’ लावलंय. तिसरा पासेओ संपला, पियानो फिरायला लागला आणि बेसने समेवर आघात करणं सोडलं. हाच ना तो बदल?

पडछाया
हाच. आता तिथून शेवटपर्यंत फक्त बेस ऐका, बासरीकडे अजिबात जाऊ नका.